डोंगर किती धरून आहे?

दोन वर्षांपूर्वी मे महिन्याच्या अखेरीस एक प्राथमिक शिक्षक माझ्या घरी आले. पूर्वीचे माझेच विद्यार्थी. भूगोल घेऊन पदवीधर झाले आणि आता सह्याद्रीच्या कुशीत, रस्ता जिथे संपतो अशा एका गावी शाळा सांभाळतात. गावात त्यांना सगळे गुरुजी म्हणतात, म्हणून मीही इथे तेच म्हणतो. गुरुजींच्या हातात कागदांची एक चळत होती. शाळेमागचा डोंगर थोडा कापून मुलांसाठी पटांगण वाढवले होते, आणि त्या कापलेल्या उताराची तपासणी कोणा सल्लागाराने करून दिली होती. पानोपानी रंगीत चित्रे, डोंगराच्या पोटातून गेलेली एक वाकडी रेघ, आणि शेवटच्या पानावर एक आकडा : १.४२. त्याखाली एकच शब्द : 'सुरक्षित'.

"सर, हे १.४२ म्हणजे काय? गुण म्हणावेत तर शंभरात दीडसुद्धा नाहीत. आणि खाली सुरक्षित लिहिलंय!"

मी हसलो खरा, पण उत्तर मलाही धड देता येईना. मी भूगोलाचा माणूस. डोंगर कसा झाला हे मी वर्गात सांगू शकतो, तो उद्या जागेवर राहील का हे सांगणे वेगळे. पण गुरुजींच्या प्रश्नामागची काळजी मला कळत होती. त्यांच्या शाळेची मागची भिंत त्या उतारापासून दहा-बारा पावलांवर आहे. आणि आपल्या भागात माळीण हे नाव कोणी विसरलेले नाही. ३० जुलै २०१४ च्या सकाळी पुणे जिल्ह्याच्या आंबेगाव तालुक्यातले ते गाव डोंगराखाली गाडले गेले आणि १५१ माणसे गेली. नेहमीची एस.टी. घेऊन आलेल्या चालकाला गावच जागेवर दिसेना, आणि बाहेरच्या जगाला खबर लागली ती त्याच्याकडून. पुढे २२ जुलै २०२१ ला महाड तालुक्यात तळिये, १९ जुलै २०२३ च्या रात्री खालापूर तालुक्यात इर्शाळवाडी. तिन्ही तारखा जुलैच्या आहेत, हे लक्षात असू द्या. पुढे कामाला येईल.

शहरातल्या अभियांत्रिकी महाविद्यालयात माझा एक मित्र माती आणि पाया हा विषय शिकवतो. त्याच्याकडे आम्ही दोघे गेलो. त्याने संगणक उघडला, अहवालातलेच चित्र पडद्यावर पुन्हा काढले, आणि दोन-तीन बैठकांत आम्हाला ते उलगडून दाखवले. त्यातले मला जे समजले ते आज तुमच्यापुढे ठेवतो.

आधी संगणक बाजूला ठेवू. खळ्यावर धान्याची रास घातली की ती एका ठराविक चढाईपर्यंतच उभी राहते. आणखी ओतले की दाणे बाजूने ओघळतात, चढाई काही वाढत नाही. दाण्याला दाणा घासतो, त्या घासण्याच्या जोरावर रास उभी असते. यालाच घर्षण म्हणायचे. आता दिवाळीतला मुलांचा किल्ला आठवा. त्याचे बुरूज राशीपेक्षा कितीतरी उभे असतात, कारण चिखलमातीत घर्षणाबरोबर चिकटपणाही असतो. माती धरून राहते ती या दोन बळांवर, घर्षण आणि चिकटपणा. कूलाँ नावाच्या फ्रेंच लष्करी इंजिनिअराने हे १७७६ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या निबंधात मांडले, आणि आजचा महागातला महाग प्रोग्रॅमसुद्धा याच पायावर उभा आहे.

शिक्षकबंधूंनी वर्गात एक प्रयोग करून पाहावा. बसायच्या पाटावर वीट ठेवा आणि पाटाचे एक टोक हळूहळू उचला. बराच वेळ वीट हलत नाही. ती ओढली जात असते, पण धरूनही असते. एका क्षणी ती सरकते. त्या क्षणी ओढ आणि धर सारखे झालेले असतात. आता ओढीने धरेला भागा. उत्तर एक आले तर वीट निसटण्याच्या बेतात आहे. दोन आले तर ओढीच्या दुप्पट धर शिल्लक आहे. एकाच्या खाली उत्तर येईल अशा स्थितीत वीट राहूच शकत नाही, ती आधीच खाली आलेली असते. या भागाकाराला इंजिनिअर लोक सुरक्षा गुणांक म्हणतात. गुरुजींचे १.४२ ते हेच. डोंगराची धर त्याच्या ओढीपेक्षा बेचाळीस टक्क्यांनी जास्त आहे, असा त्याचा अर्थ. कायमच्या उतारांना साधारणपणे दीडच्या आसपास गुणांक असावा असा प्रघात आहे, म्हणजे हा आकडा तसा काठावरचाच. पण खरी गोम त्यात नव्हती.

गोम पाण्यात होती. "पावसाने माती जड होते म्हणून दरड कोसळते," असे आपण नेहमी म्हणतो. ते खोटे नाही, पण ते अर्धेच आहे, आणि लहान अर्धे आहे. विहिरीतून बादली ओढताना काय होते ते पाहा. बादली पाण्यात असते तोवर हलकी लागते, पाण्याबाहेर आली की हात भरून येतो. पाणी बादलीला खालून उचलत असते. डोंगराच्या मातीत पाणी साठले की कण न् कण असाच उचलला जातो. कण खालच्या कणावर जितका दाबून बसेल तितके घर्षण, आणि पाण्याने तो दाबच कमी केला तर घर्षण आणायचे कुठून? माती जड होते आणि त्याच वेळी तिची पकड सुटते. कार्ल टर्झागी यांनी मातीच्या कणांमधल्या पाण्याच्या दाबाचा हा विचार शास्त्रशुद्ध मांडला, त्याला शंभर वर्षे झाली.

मित्राने आम्हाला हे हिशेबानेच पटवले. कागदपेन्सिल घेऊन बसलात तर तुम्हालाही जमेल. समजा कातळाचा उतार तीस अंशांचा आहे आणि त्यावर सगळीकडे तीन मीटर माती आहे. वरून पाहिले तर एक मीटर लांब, एक मीटर रुंद दिसेल असा तिचा एक उभा खांब मनाने वेगळा काढा. कोरड्या मातीचा घनमीटर १.८ टन धरला तर खांबाचे वजन ५.४ टन. तीस अंशांवर यातला निम्मा भाग, २.७ टन, खाली ओढतो. कातळावर काटकोनात दाबणारा भाग ४.७ टनांच्या जवळपास येतो आणि मध्यम प्रतीच्या मातीत त्यापासून २.७ टनांचेच घर्षण मिळते. चिकटपणाचे आणखी ०.७ टन धरा. धर झाली ३.४, ओढ २.७. गुणांक सव्वा.

आता पाऊस लागला, आणि कातळापासून वर दीड मीटर माती पाण्याने भरली. ते पाणी उताराबरोबर झिरपत चालले आहे. खांबाचे वजन वाढून ५.७ टन झाले, ओढ २.८५. वाढ फार नाही. पण पाण्याने खालून उचलल्यामुळे घर्षण २.७ वरून २.१ वर आले. चिकटपणाचे ०.७ मिळवून धर २.८. गुणांक ०.९८. डोंगर निम्माच भिजला, आणि हिशेबाने तो जागेवर नाही. सगळी माती भरली तर गुणांक पाऊणच्याही खाली जातो. ओढ वाढली थोडीशीच म्हणावी, तर धर तुटली मोठी थोरली, असा हा विषम व्यवहार आहे. तोच डोंगर, तीच माती. मेमध्ये सव्वा आणि जुलैत पाऊण.

गुरुजी बराच वेळ त्या कागदाकडे पाहत राहिले.

हे झाले सरळ, एकसारख्या उताराचे. खरा डोंगर असा नसतो. वर लाल माती, खाली मुरूम, त्याखाली कुजका खडक, मग काळा कातळ. मध्येच कुठे कापलेले, कुठे भर घातलेली. तो कुठून सुटेल हे आधी कोणाला ठाऊक? हा प्रश्न पहिल्यांदा नेटाने हाती घेतला तो स्वीडनमध्ये. तिथल्या मऊ चिकणमातीत रेल्वेचे भराव वरचेवर खचत. १९१६ साली गोथेनबर्ग बंदराचा धक्का घसरला, आणि १ ऑक्टोबर १९१८ ला गेटो इथे भराव खचून गाडी कोसळली, त्यात चाळीसहून अधिक माणसे मेली. घसरलेली जमीन मोजली तेव्हा असे दिसले की ती बहुधा वाटोळ्या पृष्ठावरून घसरते, पळीने दह्याचा कवडा काढावा तशी. मग फेलेनियस आदी मंडळींनी युक्ती काढली. कागदावर डोंगराचा छेद काढायचा, त्यात एक वर्तुळाचा कंस मारायचा, कंसावरच्या मातीचे वड्या पाडाव्यात तसे उभे काप करायचे आणि प्रत्येक कापाची ओढ व धर काढून बेरीज करायची. रेल्वेने नेमलेल्या समितीचा अहवाल १९२२ साली आला आणि ही कापांची पद्धत रूढ झाली.

या कापांतून एक गोष्ट दिसते ती आपल्या खेड्यापाड्यांत फार महत्त्वाची आहे. कंसाच्या वरच्या टोकाकडचे काप उभ्या चढावर बसलेले असतात, तेच खाली ओढतात. पायथ्याजवळचे काप मात्र सपाटीवर, किंवा उलट बाजूला कललेल्या तळावर बसलेले असतात. ते ओढत नाहीत, वरच्यांना अडवून धरतात. आपण घरासाठी, गोठ्यासाठी, रस्त्यासाठी माती काढतो ती पायथ्याचीच, कारण ती हाताशी असते. म्हणजे मोळीचा बंद सोडायचा आणि लाकडे का पसरली म्हणून विचारायचे. आणि काढलेली माती पुष्कळदा नेऊन टाकतो ती वरच्या अंगाला. असो.

तर एक कंस मारून हिशेब झाला. पण तोच कंस सर्वांत कमकुवत कशावरून? दुसरा मारा, तिसरा मारा. एकेका कंसाला हाताने करायचे म्हणजे तासन् तास जात. त्यात १९५५ साली लंडनच्या इंपीरियल कॉलेजातल्या बिशप यांनी पद्धत सुधारली. काप एकमेकांना रेटतात, ते त्यांनी हिशेबात घेतले. उत्तर अधिक खरे येऊ लागले, पण नवी अडचण झाली. जो गुणांक काढायचा तोच सूत्राच्या दोन्ही बाजूंना येऊन बसला. मग आधी एक आकडा मनाने धरायचा, उत्तर काढायचे, ते उत्तर पुन्हा आत घालायचे, असे उत्तर स्थिरावेपर्यंत घोटत बसायचे. माणूस याला कंटाळतो, यंत्र कंटाळत नाही. १९५८ सालीच लिटल आणि प्राइस या दोघांनी इलेक्ट्रॉनिक गणकयंत्राकडून हे काम करवून घेतल्याचे प्रसिद्ध केले.

आज स्लोप-डब्ल्यू, स्लाइड, प्लॅक्सिस अशा नावांचे प्रोग्रॅम मिळतात. पहिले दोन मुख्यतः कापांच्याच मार्गाने जातात. तिसऱ्याची रीत निराळी. तो डोंगराचे बारीक तुकड्यांचे जाळे विणतो आणि मातीची ताकद हिशेबात थोडीथोडी कमी करत जातो. डोंगर ज्या क्षणी सुटेल त्यावरून आधी किती राखीव होते ते कळते. मित्राने आमच्या डोळ्यांदेखत पहिल्या रीतीने गुरुजींचा उतार तपासला. चहाचा कप ओठाला लागेपर्यंत यंत्राने काही हजार कंस मारून, सर्वांत वाईट तो लाल रंगात दाखवला. उत्तर आले १.४१. अहवालाशी जुळले. सल्लागाराने गणितात काही लबाडी केली नव्हती, हे त्याच्या बाजूने सांगितलेच पाहिजे.

मग मित्राने विचारले, "पाण्याची रेघ कुठाय?"

ही माहिती माणसाने भरायची असते. डोंगराचा आकार, मातीचे थर, प्रत्येक थराचे वजन, घर्षण, चिकटपणा, आणि पाण्याची पातळी. पाण्याची रेघ पडद्यावर निळी दिसते. अहवालातल्या चित्रात ती अगदी तळाशी, कातळाच्याही खाली होती. मातीचे नमुने एप्रिलमध्ये घेतले होते. भोकात पाणी लागले नव्हते, म्हणून पाणी नाही असे भरले. यंत्राने निमूटपणे एप्रिलच्या डोंगराचे उत्तर दिले होते. आपण जे विचारतो त्याचेच उत्तर ते देते, "पावसाळ्याचं काय?" असे ते उलटून विचारत नाही.

"पण पावसाळ्यात पाणी कुठवर चढतं हे आता मेमध्ये कसं कळणार?" मी विचारले.

ते गुरुजींनी गावात जाऊन काढले. चार-पाच म्हाताऱ्या माणसांना घेऊन ते उतारावर गेले. शेळ्या राखण्यात जन्म गेलेल्या एका आजीबाईंनी कापलेल्या कडेपासून वर, अंदाजे दोन पुरुष उंचीवर, काठीने जागा दाखवली. "हितं श्रावणात झरा फुटतो. आम्ही हितंच भांडी घासायचो," म्हणाल्या. जागेवर नेच्याची हिरवी झुडपे मेमध्येही तग धरून होती, ती गुरुजींनी पूर्वी पाहिली होती. पण त्यांचा अर्थ लावला नव्हता. माथ्याकडे चालता चालता आणखी एक दिसले. गवतात एक फट होती. रुंदी दोन बोटे, लांबी पंधरा-वीस पावले, आणि धावली होती ती उताराला आडवी. अशी फट कंसाच्या वरच्या टोकाशी पडते आणि पावसाचे पाणी सरळ आत घेते.

पुढच्या बैठकीत मित्राने निळी रेघ आजीबाईंच्या झऱ्यातून नेली, माथ्यावर ती फट दाखवली, आणि बाकी एकही आकडा न बदलता हिशेब पुन्हा लावला. १.०६ आले. सहा टक्के. मातीचे नमुने थोड्याच जागी घेतलेले असतात. त्यांच्या आकड्यांतच याहून मोठा फरक असू शकतो. त्या दिवशी चहा कोणी घेतला नाही.

अहवाल देणाऱ्याने पुढे दुसरी तपासणी करून दिली. तिच्याविषयी मी अधिक बोलत नाही. काम काय झाले ते सांगतो. माथ्यावर फटीच्या वरच्या अंगाला चर खणून पाणी बाजूच्या ओढ्यात काढले आणि फट चिकणमातीने ठासून बुजवली. उतारात आडव्या, बाहेरच्या बाजूला किंचित उतरत्या छिद्रनळ्या घातल्या, म्हणजे आतले पाणी दाब न धरता निघून जावे. पायथ्याला तारेच्या जाळीत दगड भरून बांध घातला, काढलेली माती ज्या कामाची होती ते काम दगडांनी करावे म्हणून. पटांगण तीन मीटर अरुंद झाले. मुलांनी त्यावर कुरकुर केली. हे सारे प्रोग्रॅममध्ये आधी एकेक करून पाहिले होते, आणि इथे मला त्या यंत्राचे खरे मोल कळले. नुसत्या चराने किती वाढते, नळ्यांनी किती, बांधाने किती, हे पैसे खर्चण्याआधी कळते. नळ्यांनी सर्वांत जास्त फरक पडला. गावाला वाटत होते की सारा पैसा भिंतीवर घालावा.

तरीही एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. सुरक्षा गुणांक डोंगर सुटेल की नाही एवढ्यापुरता आहे. सुटला तर तो किती वेगाने येईल आणि कुठवर पोचेल, हे या हिशेबात नसते. त्याचे गणित निराळे आहे. शिवाय सह्याद्रीत माती पुष्कळदा पातळ थराने कातळावर बसलेली असते, ती वाटोळ्या कंसावरून न घसरता कातळाच्या पाठीवरूनच सुटते आणि चिखल होऊन धावते. तिथे वर्तुळेच शोधत बसणारा माणूस चुकीच्या जागी शोधतो. पडद्यावर रंग सुंदर उमटले म्हणून हे बदलत नाही. आणि माथ्यावर नवी फट, झऱ्याला एकाएकी गढूळ पाणी, तिरकी होऊ लागलेली झाडे किंवा विजेचे खांब, घराच्या दारांचे न लागणे, यांपैकी काही मुसळधारेत दिसले तर आकड्याची वाट न पाहता आधी माणसे हलवावीत आणि मग तहसीलदारांना कळवावे.

गुरुजींनी पहिल्या पावसाळ्यात मागच्या दोन वर्गखोल्या रिकाम्या ठेवल्या. जूनपासून सप्टेंबरपर्यंत तिसरी-चौथीचे वर्ग समाजमंदिरात भरत. काही पालकांना ते अति वाटले. मित्राने उतारात एक उभी नळी पुरून दिली आहे, खाली भोके असलेली, वर झाकण. आतल्या पाण्याची पातळी म्हणजेच पडद्यावरची ती निळी रेघ. दोरीला वजन बांधून मुले रोज सकाळी ती मोजतात आणि आकडा फळ्याच्या कोपऱ्यात, तारखेशेजारी लिहितात. झाकणापासून चार मीटरपर्यंत पाणी चढले की मागच्या खोल्या बंद, असा नियम मित्राने हिशेब करून घालून दिला आहे. गेल्या जुलैत एका आठवड्यात पाणी ४.६ मीटरपर्यंत आले होते. नळ्यांतून दिवसरात्र धार लागली होती, तिसऱ्या दिवशी ते पुन्हा उतरू लागले. या वर्षीची वही चौथीच्या मुलींकडे आहे.